इच्चू, इंचू, विंचू, वृश्चिक : या शब्दाचा माग काढू या

बालाघाटी (धागाकर्ता) · शनिवार, रात्री ९.४०

आमची आजी कधीच 'विंचू' म्हणाली नाही. ती म्हणायची 'इच्चू'. "चप्पल झटकून घाल, इच्चू बसलेला असतो." "गवऱ्याच्या ढिगात हात घालू नको, इच्चूकाटा असंल." चौथीत असताना मी निबंधात 'इच्चू' असंच लिहिलं. गुरुजींनी लाल शाईनं ते खोडून वर 'विंचू' लिहिलं. गुरुजींचं काही चुकलं नव्हतं, पण माझ्या मनात एक गोष्ट घट्ट बसली, की पुस्तकातला शब्द खरा आणि आजीचा बिघडलेला. आजीला जाऊन आता अकरा वर्षं झाली.

परवा मुलगी दिनदर्शिकेतल्या राशींची चित्रं बघत होती. "बाबा, नाव वृश्चिक आणि चित्र विंचवाचं, असं का?" मी म्हटलं, दोन्ही एकच. "मग ते सारखे का ऐकू येत नाहीत?" याला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

'वृश्चिक'पासून 'विंचू' आला एवढं शाळेत ऐकलेलं आहे. पण ऋ कुठे गेला, श कुठे गेला, आणि मधे हा अनुस्वार कुठून आला? शेवटी 'इक' होतं, तिथे 'ऊ' कसा झाला? आजीच्या 'इच्चू'त तर अनुस्वारही नाही. आणखी एक. 'विंचूकाटा' म्हणताना आपण फक्त विंचवाबद्दल बोलत नसतो. अंधारातलं जे जे टोचेल, डसेल ते सगळं त्यात येतं. म्हणजे या शब्दाचे अर्थही पसरलेले दिसतात. इथे संस्कृत, प्राकृत जाणणारे आहेत, गावोगावचे लोक आहेत. तुमच्याकडे काय म्हणतात तेही लिहा.

संथा · शनिवार, रात्री १०.२५

मूळ धातू 'व्रश्च्'. पाणिनीय धातुपाठात 'ओव्रश्चू छेदने' असा येतो, म्हणजे तोडणे, कापणे. रूप होतं वृश्चति. त्यावरून वृश्चिक म्हणजे छेदणारा. यास्कानं निरुक्तात, म्हणजे वैदिक शब्दांच्या व्युत्पत्तीच्या ग्रंथात, 'वृक्ष' शब्दही याच धातूवरून लावला आहे, 'वृक्षो व्रश्चनात्', म्हणजे जो तोडला जातो तो. वृक्ष तोडला जाणारा आणि वृश्चिक तोडणारा, अशी ही जोडी मला फार आवडते.

शब्द किती जुना? थेट ऋग्वेदात आहे. पहिल्या मंडलाचं शेवटचं, १९१ वं सूक्त विष उतरवण्याचं आहे. त्याच्या अखेरच्या ऋचेचा अखेरचा चरण असा : 'वृश्चिकस्यारसं विषमरसं वृश्चिक ते विषम्'. विंचवाचं विष निःसत्त्व आहे. हे विंचवा, तुझं विष निःसत्त्व आहे. आधी त्याच्याबद्दल सांगायचं आणि मग वळून त्यालाच हाक मारून सांगायचं. पहिलं मंडल इथेच संपतं.

म्हणजे आपल्या हाती असलेल्या सर्वांत जुन्या वाङ्मयात हा शब्द येतो तोच विषावरच्या मंत्रात. ज्याला विंचू चावलाय त्याच्या उशाशी बसून म्हटलेला.

पोथीवाचक · शनिवार, रात्री ११.५०

बालाघाटी, तुमच्या प्रश्नाचं उत्तर एका माणसानं नऊशे वर्षांपूर्वी लिहून ठेवलं आहे. गुजरातेत अणहिलवाड पाटणला आचार्य हेमचंद्र होऊन गेले, बाराव्या शतकात. त्यांच्या 'सिद्धहेमशब्दानुशासना'चा आठवा अध्याय प्राकृत व्याकरणाचा आहे. तुम्ही विचारलेली एकेक गाठ त्यात सोडवलेली आहे.

ऋ चा इ होतो, हे तर ठिकठिकाणी दिसतं. कृपा-किवा, शृगाल-सिआल, तसंच वृ चं वि.

अनुस्वाराचं जास्त गमतीचं. 'वक्रादावन्तः' असं सूत्र आहे. वक्र वगैरे शब्दांत मूळ संस्कृतात नसलेला अनुस्वार प्राकृतात आपण होऊन येतो. यादीतली उदाहरणं बघा : वक्र-वंक, अश्रु-अंसू, पुच्छ-पुंछ, दर्शन-दंसण, मार्जार-मंजार आणि वृश्चिक-विंछिअ. आपला 'वाकडा' जुन्या लिखाणात 'वांकडा' असायचा, तो या वंकातून. हिंदीतले आँसू, पूँछ याच यादीतले. आणि मार्जाराचं 'मांजर' झालं तेही याच नियमानं. आपल्या मांजराचा अनुस्वार आणि विंचवाचा अनुस्वार हे सख्खे भाऊ आहेत!

आता 'श्चि'चं काय झालं? त्यासाठी तर त्यांनी या एका शब्दापुरतं स्वतंत्र सूत्र केलं : 'वृश्चिके श्चेर्ञ्चुर्वा'. वृश्चिक शब्दातल्या 'श्चि'च्या जागी विकल्पानं 'ञ्चु' येतो. मग रूप होतं विंचुओ. विकल्प घेतला नाही तर विंछिओ. शेवटच्या 'ऊ'चं उत्तर इथे मिळालं.

आता हे दोन विकल्प आजच्या नकाशावर ठेवून पाहा. विंचुओ ते आपला विंचू. विंछिओ ते गुजरातीतला वींछी. व्याकरणकारानं 'वा' म्हणून जी दोन रूपं शेजारी ठेवली, ती दोन्ही आज शेजारशेजारच्या दोन भाषांत जिवंत आहेत. मी हे पहिल्यांदा ताडून पाहिलं तेव्हा रात्रभर झोपलो नव्हतो.

प्राकृतात अनुस्वार नसलेलं 'विच्छुअ' हेही रूप होतं. हिंदीतला बिच्छू त्या वाटेनं आलेला. व चा ब हा तर हिंदीचा नेहमीचाच : वाघ-बाघ, वीस-बीस, वाट-बाट, वीज-बिजली.

वऱ्हाडची लेक · रविवार, सकाळी ७.१५

आमच्याकडे 'इचू'. अमरावती, अकोला, सगळीकडे. पण फक्त हाच शब्द नाही ना. विहीर ती इहीर, वीज ती ईज, विस्तव तो इस्तो, विकत ते इकत, विचार तो इचार. आणि वेळ ती येळ, वेडा तो येडा. पण वाडा हा वाडाच राहतो, त्याचा 'आडा' कोणी करत नाही. वाट, वाघ, वरण सगळं जागेवर. म्हणजे इ, ई, ए यांच्या आधी असलेला व फक्त जातो. हे बिघडणं असतं तर वाटेल तिथे बिघडलं असतं. इतकी शिस्त कशी राहिली असती?

तुमच्या आजीचा शब्द नियमानं झालेला आहे, दादा.

पोथीवाचक · रविवार, सकाळी ८.०५

अगदी बरोबर, आणि किती नेमकं मांडलंत. आजीच्या 'इच्चू'त अनुस्वार नाही याचे दोन मार्ग असू शकतात. एक म्हणजे विंचूमधला अनुस्वार पुढच्या च मधे मिसळून त्याचं द्वित्त झालं. दुसरा, अनुस्वार नसलेल्या विच्छुअशी त्याचं नातं आहे. माझा कल पहिल्याकडे आहे, कारण कोकणात 'इंचू' अनुस्वारासकट ऐकू येतो आणि वऱ्हाडचा इचू सोडला तर मराठीची बाकी रूपं अनुस्वाराचीच आहेत.

भाकरवाडी नव्हे भाकरी · रविवार, सकाळी ८.४०

मला दुसरा मार्ग जास्त पटतो. मराठवाड्यात कितीतरी शतकं दखनीचा, म्हणजे दक्षिणेतल्या हिंदी-उर्दूचा शेजार आहे. बाजारात, शेतात लोक रोज 'बिच्छू' ऐकत होते. दोन रूपांची ओढाताण होऊन इच्चू झाला असेल. पण हा माझा तर्क, आग्रह नाही.

फळा-खडू · रविवार, सकाळी ११.३०

मी मराठी शिकवते, म्हणून एक भर.

'विंचू'ला विभक्ती लावा. विंचूचा? नाही. विंचवाचा. विंचवाला, विंचवानं. हा 'वा' कुठून आला, असं मुलं दरवर्षी विचारतात. उत्तर पोथीवाचकांच्या प्रतिसादात आहे. जुनं रूप विंचुअ. एकटा शब्द असताना शेवटचं 'उअ' आकसून 'ऊ' झालं. पण पुढे प्रत्यय आला की तो 'उआ' टिकून राहिला आणि उच्चारात 'वा' झाला. नातू-नातवाचा, भाऊ-भावाचा हीही तशीच मंडळी.

म्हणजे 'विंचवाचं बिऱ्हाड' असं आपण म्हणतो तेव्हा हेमचंद्रांच्या विंचुओचा शेवटचा स्वर आपल्या तोंडात असतो. आता मुलं 'विंचूला', 'विंचूने' असं लिहू लागली आहेत. मी ते दुरुस्त करते, पण आता दुरुस्त करताना कारणही सांगेन.

हिरण्यकेशी · रविवार, दुपारी ३.१०

आम्ही गडहिंग्लजच्या बाजूचे, घरात मराठी आणि दारात कन्नड. कन्नडात विंचवाला 'चेळु'. तेलुगूत 'तेलु', तमिळ आणि मल्याळममधे 'तेळ्'. ते चारही एका कुळातले. इतक्या जवळ राहूनही मराठीनं या बाबतीत त्यांच्याकडून काही घेतलं नाही, आपला विंचू आपल्या वाटेनं आला.

पण विंचवाच्या पाठीवरचं बिऱ्हाड मात्र पाहा! कन्नडात 'बिडार' म्हणजे मुक्कामाची, तात्पुरत्या राहण्याची जागा. मराठीत बिढार आणि बिऱ्हाड. म्हणून भाड्याच्या खोलीत राहणारा तो बिऱ्हाडकरू. स्वतःच्या वाड्यात राहणाऱ्याला कोणी बिऱ्हाडकरू म्हणत नाही. विंचू संस्कृतातून उतरलेला, त्याच्या पाठीवरचं सामान कन्नडच्या शेजारचं.

ती म्हण ज्यानं कोणी केली त्यानं विंचवाची मादी नीट पाहिलेली असणार. विंचू अंडी घालत नाही, पिल्लं जिवंत जन्मतात, पांढुरकी, मऊ. जन्मताच आईच्या पाठीवर चढतात आणि पहिली कात टाकेपर्यंत तिथंच राहतात. आमच्या गोठ्याची फरशी काढताना मी एकदा पाहिली होती. वडिलांनी पहार खाली ठेवली आणि म्हणाले, थांब, लेकुरवाळी आहे.

सावित्रीकाठ · रविवार, रात्री ९.२०

महाडजवळच्या एका छोट्या दवाखान्यात माझी बरीच वर्षं गेली, म्हणून जरा विषयाच्या कडेचं लिहितो आहे.

शब्दांनी माणसं कशी फसतात ते मी पाहिलं आहे. मोठा काळा विंचू दिसला की घरात हाहाकार आणि बारका तांबूस दिसला की "साधा विंचू आहे, उतरेल". खरं उलट आहे. मोठ्या काळ्याच्या दंशानं ठणका प्रचंड, पण जिवावर बेतणं क्वचित. जीव घेतो तो बारका लाल विंचू. त्याला शास्त्रीय नावात 'टॅम्युलस' म्हणतात, म्हणजे तमिळ देशचा. फॅब्रिशियसनं १७९८ मध्ये दिलेलं नाव. आमच्या पट्ट्यातल्या उपजातीच्या नावात तर 'कोंकण'च आहे.

डॉ. हिंमतराव बावस्करांनी महाडच्या भागात राहून या दंशाचा अभ्यास केला. त्यांचा लेख १९८२ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात आला. दरदरून घाम, उलट्या, हातपाय गार पडणं ही पुढच्या हृदयविकाराची आधीची खूण आहे, हे त्यांनी दाखवलं. मग रक्तदाबावरचं प्राझोसिन हे स्वस्त औषध वापरून मृत्यूचं प्रमाण तीस-चाळीस टक्क्यांवरून एक टक्क्याच्या आसपास आणलं. २०२२ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. कोकणातली कितीतरी मुलं त्यामुळे आज मोठी झालेली आहेत, त्यातली काही मला नावानिशी माहीत आहेत.

विंचवांची अशी प्रतवारी आपल्याकडे जुनीच आहे. सुश्रुतानं कल्पस्थानात, म्हणजे आपल्या संहितेच्या विषांवरच्या भागात, मंदविष, मध्यविष आणि महाविष असे तीन वर्ग करून विंचवाचे तीस प्रकार सांगितले आहेत. उत्पत्तीबद्दलचं त्याचं म्हणणं आज टिकत नाही, पण सगळे विंचू एका मापाचे नसतात हे त्यानं पक्कं धरलं होतं.

कळकळीनं सांगतो : दंशानंतर घाम सुटला, उलटी झाली, पावलं गार पडली तर वाट पाहू नका. विशेषतः लहान मूल असेल तर. थेट दवाखाना गाठा.

पैठणची पायरी · रविवार, रात्री १०.४५

सावित्रीकाठ, तुमचं वाचून अंगावर काटा आला. एकनाथांचं (१५३३–१५९९) विंचवाचं भारूड सगळ्यांना पाठ आहे. त्यात दंश झाल्यावर काय होतं? 'तम घाम अंगासी आला'. तुम्ही सांगितलेली पहिली खूण! रूपक कामक्रोधाचं आहे, पण ज्यानं ते रचलं त्यानं विंचू चावलेला माणूस जवळून पाहिला होता.

शब्दांच्या दृष्टीनं हे भारूड म्हणजे खजिना आहे. नाथ एका श्वासात 'विंचू चावला, वृश्चिक चावला' म्हणतात. घरातला शब्द आणि पोथीतला शब्द शेजारी शेजारी, कुणाला खोडलेलं नाही. पुढे तिसरा शब्द येतो, 'इंगळी'. आणि 'नांगा मारिला' असं क्रियापद.

इंगळी म्हणजे मोठा, दारुण विंचू. हा शब्द इंगळाचा नातलग असावा असं मी मानते. संस्कृत अंगार, प्राकृत इंगाल, मराठी इंगळ, म्हणजे रसरशीत निखारा. ज्याला चावली आहे त्याला विचारा, तो 'टोचलं' म्हणत नाही, 'आग झाली' म्हणतो. वृश्चिक हे नाव विंचू काय करतो त्यावरून पडलं, इंगळी हे नाव आपल्याला काय होतं त्यावरून.

आणि 'उतरणे'. विंचू चढतो, विंचू उतरतो, विंचू उतरवणारा. इथे विंचू म्हणजे तो प्राणी नाहीच. तो तर केव्हाच फटीत गेला किंवा वहाणेखाली मेला. चढतो, उतरतो ती वेदना, आणि मराठीत त्या वेदनेचंही नाव विंचू. 'साप उतरला' आपण म्हणत नाही, सापाचं विष उतरतं. विंचू मात्र अंगात शिरतो आणि रात्रभर राहतो. बालाघाटी, तुमच्या अर्थांच्या यादीत हा पहिला लिहा.

संथा · रविवार, रात्री ११.१५

'चावणे'वरून आठवलं. अथर्ववेदाच्या सातव्या कांडात शर्कोट नावाच्या जीवाविरुद्ध मंत्र आहे. तू शेपटीनं आणि तोंडानं दोन्हींनी प्रहार करतोस, पण तुझ्या तोंडात विष नाही, मग शेपटीत ते काय असणार, अशा अर्थाचा. विष कुठे असतं ते तेव्हाही नीट ठाऊक होतं. तरी मराठीत विंचू 'चावतो'च.

'नांगी' हा शब्दही विचार करण्यासारखा आहे. विंचवाची नांगी शेपटीच्या टोकाला आणि खेकड्याच्या नांग्या पुढे, पंजासारख्या. एकच शब्द दोन्हींना. संस्कृत लांगूल म्हणजे शेपूट, पालीत नंगुट्ठ. ल चा न कसा होतो ते आपल्या नांगरात दिसतंच, लांगल-नांगर. त्यामुळे नांगी मुळात शेपटीची असावी आणि खेकड्याकडे नंतर गेली असावी, असं मला वाटतं. 'नांगी टाकणे' म्हणजे हार मानणे, हा वाक्प्रचारही विंचवाकडूनच आला असणार.

चांदणवाट · सोमवार, पहाटे ५.३०

वृश्चिक राशीत एक दुसरा विंचूही लपला आहे, तो सांगायला हवा.

सहाव्या शतकात वराहमिहिरानं 'बृहज्जातका'च्या सुरुवातीला राशींची एक वेगळीच नामावली दिली आहे : क्रिय, तावुरि, जितुम, कुलीर, लेय, पाथोन, जूक, कौर्प्य, तौक्षिक... ही बहुतेक ग्रीक नावं आहेत, संस्कृत कपडे घातलेली. ग्रीक 'स्कोर्पिऑस'चं इथे 'कौर्प्य' झालं. इंग्रजीतला स्कॉर्पिअनही त्याच ग्रीक शब्दाचा वंशज, लॅटिन आणि फ्रेंचमधून गेलेला. म्हणजे पाश्चात्त्यांचा तो शब्द आपल्याकडे इंग्रज येण्याच्या हजारभर वर्षं आधी येऊन राहिला होता. तो घरोघर रुजला नाही, वृश्चिकच टिकला, पण ज्योतिषाच्या पोथ्यांत कौर्प्य अजून बसलेला आहे.

सध्या पहाटे नाही, पण वैशाख-ज्येष्ठात रात्री दक्षिणेला पाहा. आकाशात ज्या आकृत्या नाव सांगितल्याबरोबर दिसतात त्यांत विंचू पहिला. अनुराधा हे डोक्याकडचं, तांबूस ज्येष्ठा छातीत, आणि मूळ नक्षत्र म्हणजे वळलेली नांगी. नांगीच्या टोकाच्या ताऱ्याला अरबीत शौला म्हणतात, उभारलेली शेपटी.

आधी जी खेकड्याच्या नांग्यांची चर्चा झाली ती आकाशातही आहे. तूळ राशीतले दोन ठळक तारे पूर्वी विंचवाच्या पुढच्या नांग्या मानले जात. त्यांची अरबी नावं अजून तेच सांगतात : झुबेन-एल-जेनुबी म्हणजे दक्षिणेची नांगी, झुबेन-एश-शमाली म्हणजे उत्तरेची. आपल्या विशाखा नक्षत्राचे तारे ते हेच. नंतर नांग्या कापून त्यांचा तराजू केला.

खजुराची सावली · सोमवार, सकाळी १०.००

दुबईत पंधरा वर्षं आहे. अरबीत विंचू 'अक्रब'. पण मला हा शब्द पहिल्यांदा भेटला तो घड्याळाच्या दुकानात. घड्याळाच्या काट्यांना अरबीत 'विंचू'च म्हणतात, अकारिब. दुकानदारानं काटा बोटानं दाखवत 'अक्रब' म्हटलं आणि मी टेबलाखाली पाय ओढून घेतले. तुर्कीतही 'अक्रेप' म्हणजे विंचू आणि तासकाटा.

आपण त्याला काटा म्हणतो. आणि धागाकर्त्याच्या आजी विंचू आणि काटा एकत्र जोडून म्हणायच्या, इच्चूकाटा. टोचणाऱ्या टोकाची ही नाती मला फार जवळची वाटली.

फारसीत कझ्दुम. दुम म्हणजे शेपूट. पहिल्या भागाचा अर्थ कोणी वाकडा लावतं, कोणी चावणारा.

नौगाव ते लोद · सोमवार, दुपारी १.२०

आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू, आजोबा अलिबागकडचे, आता इस्राएलमध्ये. हिब्रूतही 'अक्राव', अरबीचा भाऊ. नेगेवच्या वाळवंटात एक घाट आहे, मआले अक्राबिम, विंचवांचा चढ. बायबलात सीमा सांगताना तो येतो, इतका जुना. आजीबरोबर तिथून जाताना ती म्हणाली, "इंचवांचा घाट? मग पायात वहाणा घाला." तिच्या तोंडी इंचूच होता. इथे दोन पिढ्या झाल्या, पण हा शब्द अजून घरात आहे.

हुगळीकाठची मराठीण · सोमवार, दुपारी ४.३५

सासर बंगाली, कोलकाता. लग्नानंतर पहिल्याच पावसाळ्यात नणंद ओरडली, "बिछे!" मी विंचू समजून खाटेवर चढले, तर खाली केसाळ सुरवंट. मग कळलं की बंगालीत 'बिछा' हा सैल शब्द आहे. तागावर पडणारी केसाळ अळी ती 'बिछापोका'. नक्की विंचूच म्हणायचा असेल तर 'कांकडाबिछा', म्हणजे खेकड्यासारखा बिछा.

मला वाटायचं बंगालीनं शब्द ढिला केला. पण इथला धागा वाचून अमरकोश काढला. तिथे आहे : 'वृश्चिकः शूककीटः स्यादलिद्रुणौ तु वृश्चिके'. शूककीट म्हणजे कुसळासारख्या केसांचा किडा, सुरवंट! वृश्चिकाचा एक अर्थ सुरवंट, दुसरा विंचू. मराठीनं त्यातला एक ठेवला, बंगालीनं दोन्ही. नणंदेची मनातल्या मनात क्षमा मागितली.

त्याच ओळीत विंचवाला 'अलि' म्हटलंय. अलि म्हणजे भुंगा हे आपल्याला कवितेतून माहीत. नांगी असलेले दोघंही.

गडवाट · सोमवार, सायंकाळी ७.००

बिचवा कसा राहिला? १० नोव्हेंबर १६५९, प्रतापगडाचा पायथा, वाघनखं आणि बिचवा. दुहेरी बाक असलेलं हे आखूड पातं, विंचवाच्या नांगीसारखं, म्हणून बिछुआ. पोथीवाचकांचा नियम इथे लावून बघा : आपला घरचा शब्द असता तर व आणि अनुस्वार असता. 'ब' आहे आणि अनुस्वार नाही, म्हणजे तो हिंदी मुलखातून शस्त्राबरोबर आलेला. हिंदीत पायाच्या बोटातल्या जोडव्यांनाही बिछिया, बिछुआ म्हणतात. एकाच शब्दानं सवाष्णीचा दागिना आणि लढवय्याचं हत्यार.

रानात एक झुडूप असतं, त्याला आम्ही विंचवी म्हणतो. वाळलेल्या फळाला दोन वाकडे आकडे असतात, गुरांच्या पायाला, धोतराला अडकतात. झाड मूळचं मेक्सिकोकडचं, पण नाव इथल्या गुराख्यांनी पाहताक्षणी दिलेलं.

निफाडकर · सोमवार, सायंकाळी ७.४०

मग आमचं विंचूरही यातच धरायचं का? लहानपणापासून ऐकत आलोय की तिथे विंचू फार म्हणून विंचूर.

पोथीवाचक · सोमवार, रात्री ८.१५

नुसत्या नादावरून धरू नये. गावाची नावं ताम्रपटांत, जुन्या कागदांत कशी लिहिली आहेत ते पाहावं लागतं. आज सारखी ऐकू येणारी दोन नावं मुळात अगदी वेगळी असू शकतात. विंचूरकरांच्या दप्तराचे कागद अभ्यासकांनी पाहिलेले आहेत. तुम्ही जवळ आहात, तिथून सुरुवात करा.

बालाघाटी (धागाकर्ता) · बुधवार, रात्री ९.०५

दोन दिवस गावाकडे होतो, म्हणून उशीर. सगळे प्रतिसाद आईला वाचून दाखवले. हेमचंद्राचं ऐकताना ती गप्प होती. पण 'विंचू उतरतो' हे आलं तेव्हा तिनं मला थांबवलं.

मी दोन वर्षांचा असतानाची गोष्ट तिनं सांगितली, मला माहीतच नव्हती. ज्वारीची कणसं मोडताना आजीच्या अंगठ्याला चावला. गाडी नाही, रस्ता नाही. आजी जोत्यावर बसून राहिली, हात मांडीवर, डोळे मिटलेले. कुणाशी बोलेना. आई मला कडेवर घेऊन रात्रभर शेजारी उभी. दर थोड्या वेळानं विचारायची, "कुठवर आलाय?" आजी दुसऱ्या हातानं दाखवायची : मनगट, मग कोपर, मग खांदा. बराच वेळ खांद्यावर थांबला. मग कोपर. मग मनगट. कोंबडं आरवताना आजीनं डोळे उघडले आणि म्हणाली, "उतरला इच्चू. चहा टाक."

मुलीनं भिंतीवर लावायला एक मोठा कागद केला आहे. खालून वर लिहिलंय : वृश्चिक, विंचुओ, विंचू, इंचू, इचू. सगळ्यात वर मोठ्या अक्षरात 'इच्चू', आणि त्याच्यापुढे कंसात आजीचं नाव. कौर्प्य आणि अक्रब तिला बाजूला फांद्यांवर हवे आहेत, त्यासाठी जागा पुरत नाही म्हणून दुसरा कागद चिकटवतोय.